जमिनीच्या दाव्यात नुसतं "फसवणूक झाली" म्हणून भागत नाही, कोर्ट पुढे काय विचारतं ते बघू

प्रॉपर्टीचं भांडण कुठलंही असो, भावाभावांचं, बहिणींच्या हिश्श्याचं, फ्लॅटचं नाहीतर गावाकडच्या चार एकरांचं, त्यात एक शब्द हमखास येतो. फसवणूक. दादाने फसवून सही घेतली, एजंटने फसवलं, ज्याला मुखत्यारपत्र दिलं त्यानेच परस्पर विकून टाकली. आणि आपल्याला वाटतं की हा शब्द एकदा दाव्यात लिहिला की जज खडबडून जागे होणार, समोरच्याला उभं करून झाडणार आणि सत्य बाहेर येणार. तसं काही होत नाही. कोर्टासाठी तो शब्द म्हणजे नुसता आरोप, आणि असे आरोप तिथे रोज गठ्ठ्याने येतात.

कोर्ट त्याच्यावर तीन-चार साधे प्रश्न विचारतं आणि अख्खी केस त्या उत्तरांवर उभी राहते किंवा झोपते. कोणी, कधी, काय खोटं सांगितलं? सही तुमची आहे की नाही? तुम्हाला कधी कळलं? आणि कळल्यावर तुम्ही काय केलं? शेवटचे दोन प्रश्न लोकांना फालतू वाटतात पण खरं मरण तिथेच असतं, त्यावर पुढे येतोच.

एक उदाहरण धरून चालू म्हणजे सोपं जाईल. समजा एक ताई आहे, लग्न होऊन दुसऱ्या गावी. वडील गेले. दादाचा फोन आला की वारस नोंदीसाठी तुझी सही लागते, उद्या रजिस्टर ऑफिसला ये. ताई गेली, फोटो काढला, अंगठा दिला, सह्या केल्या, दादाने गाडीभाडं दिलं, ताई घरी आली. चार वर्षांनी कळलं की ते हक्कसोड पत्र होतं, आणि दादाने मधल्या काळात अर्धी जमीन तिसऱ्याला विकली पण. आता ताई काय करणार?

पहिली गोष्ट म्हणजे दावा लिहितानाच नीट लिहायला लागतो. दिवाणी प्रक्रिया संहिता, म्हणजे सीपीसी, तिच्या ऑर्डर 6 नियम 4 मध्ये सरळ सांगितलंय की फसवणूक, खोटी माहिती, विश्वासघात, दबाव असलं काही म्हणायचं असेल तर त्याचा तपशील द्या, गरज असेल तिथे तारखांसकट. "प्रतिवादीने वादीच्या अज्ञानाचा गैरफायदा घेऊन कट करून फसवणुकीने दस्त करून घेतला" हे वाक्य तुम्ही शंभर दाव्यांमध्ये वाचाल, ते एकातून दुसऱ्यात कॉपी पेस्ट होत आलेलं असतं आणि त्याला काडीची किंमत नाही. सुप्रीम कोर्ट 1951 पासून सांगतंय की मोघम आरोप कितीही जोरदार शब्दांत केले तरी त्याची दखल घेता येत नाही. त्यापेक्षा "अमुक तारखेला दादाने फोन करून सांगितलं की वारस नोंदीसाठी सही हवी, ऑफिसात दस्त वाचून दाखवला नाही, एक पैसा मिळाला नाही, साक्षीदार दोघं दादाचे मित्र होते" ही चार साधी वाक्यं हजारपट भारी. कारण प्रत्येक वाक्य तपासता येतं, फोन झाला की नाही, साक्षीदार कोण होते, पैसे दिले म्हणत असतील तर बँकेत दिसले पाहिजेत.

आता कायद्यात फसवणूक म्हणजे काय? 1872 चा करार कायदा, कलम 17. (गंमत म्हणजे या विषयात 17 नंबर पाठच सोडत नाही, करार कायद्याचं 17 म्हणजे फसवणुकीची व्याख्या, मुदत कायद्याचं 17 म्हणजे फसवणूक असेल तर मुदत कशी मोजायची, नोंदणी कायद्याचं 17 म्हणजे कुठले दस्त रजिस्टर केलेच पाहिजेत. वकिलांच्या तोंडी नुसतं "सेक्शन 17" आलं की कुठलं ते विचारून घ्या.) व्याख्येचा गाभा असा की समोरच्याला फसवायच्या हेतूने, जे खरं नाही ते खरं म्हणून सांगणं, माहीत असलेली गोष्ट मुद्दाम दडवणं, किंवा पाळायचंच नाही असं मनात ठेवून वचन देणं. हेतू महत्त्वाचा. चुकून खोटी माहिती दिली, त्याला स्वतःलाच खरं वाटत होतं, तर ते कलम 18, मिसरिप्रेझेंटेशन, फसवणूक नाही. नुसतं गप्प बसणं ही पण साधारणपणे फसवणूक नाही, पण जिथे बोलणं हे त्याचं कर्तव्यच होतं तिथे गप्प बसणं फसवणूक ठरतं. जमीन विकणाऱ्याच्या बाबतीत तर मालमत्ता हस्तांतरण कायदा कलम 55 सांगतं की मिळकतीत किंवा मालकी हक्कात असा काही मोठा दोष असेल जो विकणाऱ्याला माहीत आहे आणि घेणाऱ्याला साधी काळजी घेऊनही दिसणार नाही, तर तो सांगायलाच पाहिजे, नाही सांगितला तर ते फसवणुकीतच धरतात. आणि दादाने धमकी दिली किंवा आजारी बापाला ताब्यात ठेवून सही घेतली तर त्याची नावं वेगळी, एक जबरदस्ती आणि एक अनुचित प्रभाव. बरेच जण सगळं एकाच भांड्यात घालून ढवळतात. दोन्ही म्हणायचं असेल तर दोन्हीचा तपशील वेगवेगळा द्यावा लागतो.

आता सगळ्यात मोठा फाटा. सही तुमची आहे का?

सहीच तुमची नाही, कोणीतरी तुमच्या नावाने तोतया उभा केला, अंगठा दुसऱ्याचाच आहे, तर तो दस्त मुळातच नाही. व्हॉइड. तुम्ही काही विकलंच नाही त्यामुळे घेणाऱ्याला काही मिळालंच नाही, आणि त्याने पुढे विकलं तरी त्या पुढच्याला पण काही मिळत नाही, साखळी कितीही लांब असो. पण सही तुमची आहे, तुम्ही तिथे गेला होता, फक्त खोटं सांगून ती घेतली, तर दस्त व्हॉइडेबल. म्हणजे तो जिवंत आहे, तुम्ही कोर्टात जाऊन रद्द करून घेईपर्यंत तो चालतो. फरक किती मोठा आहे बघा, एका ठिकाणी दस्त जन्मालाच आला नाही आणि दुसऱ्या ठिकाणी जन्मला, चालतोय, विकतोय, कर्ज काढतोय आणि तुम्हाला त्याच्या मागे पळायचंय, ते पण मुदतीच्या आत.

या दोघांच्या मध्ये एक बारीक रेघ आहे. 1968 च्या एका निकालात सुप्रीम कोर्टाने सांगितलं की दस्त कुठल्या प्रकारचा आहे याबद्दलच खोटं सांगितलं असेल तर तो व्हॉइड, पण प्रकार माहीत होता आणि आतला मजकूर फिरवला तर व्हॉइडेबल. त्या केसमध्ये बाईंना हे बक्षीसपत्र आहे हे माहीत होतं, फक्त त्यांच्या दोन जमिनी जादा आत घातल्या हे माहीत नव्हतं, म्हणून तो दुसऱ्या गटात गेला. आपल्या ताईला "वारस नोंदीचा कागद" म्हणून हक्कसोड पत्रावर सही करायला लावली, म्हणजे कागदाचा प्रकारच वेगळा सांगितला. ही तिची मजबूत बाजू. पण ताई जर पदवीधर असेल, दस्त मराठीत असेल, वर ठळक अक्षरात "हक्कसोड पत्र" छापलं असेल आणि खाली तिचीच सही असेल तर उलटतपासात पहिला प्रश्न काय येणार ते तुम्हीच ओळखा.

याच फाट्यावरून दाव्यात काय मागायचं ते पण ठरतं. ज्याने स्वतः दस्त केलाय त्याने तो रद्द करून मागायचा, विशिष्ट अनुतोष कायदा 1963, कलम 31. ज्याचा दस्तात सहभागच नाही, म्हणजे भावाने तुमच्या हिश्श्यासकट परस्पर विकली, त्याने तो दस्त माझ्यावर बंधनकारक नाही असं जाहीर करून मागायचं, ते कलम 34. हा फरक सुप्रीम कोर्टाने 2010 मध्ये नीट मांडलाय आणि कोर्ट फी किती भरायची ते पण यावर फिरतं, फीचे नियम राज्यागणिक वेगळे. आणि ताबा दुसऱ्याकडे असेल तर नुसतं जाहीर करून मागू नका, ताबा पण मागा. कलम 34 मध्येच अट आहे की पुढचं मागता येत असून मागितलं नाही तर कोर्ट नुसतं जाहीर करून देणार नाही. वर्षानुवर्षं चाललेले दावे या एका ओळीसाठी पडलेत.

पुरावा. इथे लोकांचा सगळ्यात जास्त भ्रमनिरास होतो.

रजिस्टर दस्त हा खरा आहे असं धरूनच कोर्ट सुरुवात करतं. खोटा म्हणणाऱ्याने तो खोटा पाडायचा. दिवाणी केस असल्यामुळे फौजदारीसारखं "संशयाच्या पलीकडे" वगैरे नाही, पारडं कुणाकडे झुकतं एवढंच बघायचं असतं. पण फसवणूक हा गंभीर आरोप, त्यामुळे पुरावा पण तेवढा ठोस लागतो, नुसत्या संशयावर कोर्ट दस्त रद्द करत नाही. किंमत फार कमी लावली, साक्षीदार ओळखीचे होते, दस्त घाईत झाला, या गोष्टी एकेकट्या काही सिद्ध करत नाहीत. एकत्र आल्या की वजन वाढतं.

सही खोटी म्हणत असाल तर एक चांगली सोय आहे. 2001 पासून नोंदणी कायद्यात कलम 32अ आलं, फोटो आणि बोटांचे ठसे दस्ताला लावणं सक्तीचं झालं. ठसा बदलता येत नाही, सही बदलते, वय झालं की बदलते, आजारपणात बदलते. म्हणून हस्ताक्षर तज्ज्ञाचा रिपोर्ट हा कोर्टासाठी फक्त एक मत असतो. दोन्ही बाजू आपापला तज्ज्ञ आणतात आणि दोघांचे रिपोर्ट ज्याने फी दिली त्याच्याच बाजूने येतात, हे जजसाहेबांना पण माहीत असतं. ठशांचं मत जास्त भरवशाचं धरतात. आणि मूळ दस्त लागतो, झेरॉक्सवरून तपासणी करायला गेलात तर समोरचा वकील त्याच दिवशी तिचा चुरा करतो.

पण हे ओझं कायम आरोप करणाऱ्यावरच असतं असं नाही. समोरचा माणूस असा असेल की ज्याच्यावर तुमचा पूर्ण भरवसा असायचाच, म्हणजे तुमचा वकील, तुमचा मुखत्यार, तुमचे सगळे व्यवहार बघणारा पुतण्या, तर व्यवहार सरळपणे झाला हे त्याने सिद्ध करायचं. हा नियम जुन्या पुरावा कायद्यात कलम 111 ला होता, आता 1 जुलै 2024 पासून भारतीय साक्ष्य अधिनियम आलाय, नंबर बदलले तरी नियम तोच आहे. निरक्षर, पडद्यातल्या, फार म्हाताऱ्या माणसांच्या दस्तात पण कोर्ट विचारतं की वाचून दाखवला का, समजला का, स्वतंत्र सल्ला कोणी दिला का, आणि उत्तर द्यायचं असतं ज्याला फायदा झाला त्याने. मात्र हे आधी दाखवायला लागतं की असा भरवशाचा संबंध खरंच होता. नुसतं "तो माझा भाऊ आहे" एवढ्याने भागत नाही, आपल्याकडे भाऊ म्हणजे भरवसा हे समीकरण कोर्टाने फार आधीच सोडून दिलंय.

मृत्युपत्राचं तर उलटंच आहे. जो मृत्युपत्र पुढे करतो त्याने ते सिद्ध करायचं, दोन साक्षीदारांच्या सह्या हव्यात आणि साक्षीदार हयात असेल तर निदान एकाला पिंजऱ्यात उभं करायचं, आणि 1959 पासून सुप्रीम कोर्ट सांगत आलंय की संशयास्पद गोष्टी असतील तर त्या पण त्यानेच दूर करायच्या. ज्याला सगळी जमीन मिळाली त्यानेच वकील बोलावला, त्यानेच म्हाताऱ्याला गाडीत घालून नेलं, बाकीच्या मुलांचं नाव पण नाही आणि का नाही त्याचं कारण पण नाही, असलं काही दिसलं की कोर्टाचं समाधान व्हायला वेळ लागतो.

आता मुदत. मी म्हटलं ना, खरं मरण इथे आहे.

दस्त रद्द करायचा असेल तर मुदत कायदा 1963, आर्टिकल 59, तीन वर्षं. कधीपासून? ज्या गोष्टींमुळे दस्त रद्द करून मागता येतो त्या पहिल्यांदा कळल्या तेव्हापासून. आणि कलम 17 म्हणतं की फसवणूक असेल तर ती कळल्यापासून, *किंवा वाजवी काळजी घेतली असती तर कळली असती तेव्हापासून*. हा "किंवा" फार घातकी आहे. लोक फक्त पहिलं अर्ध वाचतात आणि दाव्यात लिहितात, मला गेल्या महिन्यात कळलं. कोर्ट विचारतं, सातबारा कधी काढला? फेरफारची नोटीस आली होती का? शेतात कोण पिकवत होतं? चार वर्षं तुला पिकाचा दाणा आला नाही तर विचारलं का नाहीस? ताईकडे याचं उत्तर असेल तर ठीक, दादा दरवर्षी दिवाळीला पोतंभर ज्वारी पाठवत होता आणि अचानक बंद झाली म्हणून चौकशी केली, हे उत्तर चालतं कारण ते पटतं. दस्त पूर्ण बनावट असेल आणि तुम्ही मालकी हक्कावर ताबा मागत असाल तर आर्टिकल 65, बारा वर्षं, समोरच्याचा ताबा तुमच्या विरोधात झाला तेव्हापासून. म्हणून पण तो व्हॉइड-व्हॉइडेबलचा फाटा एवढा महत्त्वाचा. वकील मग तीन वर्षं उलटून गेलेली केस ओढूनताणून "दस्त मुळातच व्हॉइड" मध्ये बसवायला बघतात, कधी बसते, बहुतेक वेळा नाही.

2020 चा सुप्रीम कोर्टाचा एक निकाल यासाठी वाचण्यासारखा आहे. सुरतकडची जमीन. 2009 मध्ये खरेदीखत झालं, किंमत 1 कोटी 74 लाखांच्या वर, दस्तात 36 चेकचा तपशील. 2014 च्या डिसेंबरमध्ये विकणाऱ्यांनी दावा टाकला की आम्हाला 6 चेक मिळून फक्त 40 हजार मिळाले, बाकीचे चेक बोगस, आम्ही निरक्षर, फसवणूक झाली. ऐकायला किती दमदार वाटतं. पण दावा साक्षीपुराव्यापर्यंत पोचलाच नाही, ऑर्डर 7 नियम 11 खाली दारातूनच परत गेला. कोर्टाचं म्हणणं असं की पैसे मिळाले नाहीत हे तुम्हाला 2009 मध्येच कळायला हवं होतं, पाच वर्षं गप्प का? आणि दुसरं, खरेदीखत झाल्यावर पैसे थकले एवढ्यावर खरेदीखत रद्द होत नाही, राहिलेल्या पैशांसाठी दावा लावता येतो. हे दुसरं वाक्य आपल्याकडे कित्येकांना माहीत नाही. "पूर्ण पैसे आल्याशिवाय खरेदीखतावर सही करू नका" असं म्हातारे का सांगतात ते इथे कळतं.

दावा टाकला म्हणजे जमीन थांबली असं पण नाही. मनाई हुकूम लागतो, ऑर्डर 39. त्यासाठी तीन गोष्टी बघतात, वरवर बघता केस आहे का, हुकूम दिला नाही तर जास्त गैरसोय कोणाची, आणि पैशाने भरून न निघणारं नुकसान होईल का. हुकूम मिळाला नाही आणि दाव्यात असताना समोरच्याने विकली तर मालमत्ता हस्तांतरण कायद्याचं कलम 52 कामाला येतं, लिस पेंडन्स, चालू दाव्यातली मिळकत घेणारा निकालाला बांधला जातो. महाराष्ट्रात त्या दाव्याची लिस पेंडन्स नोटीस रजिस्टर करून घ्यायची असते, ती करा, विसरू नका, इंडेक्स टू मध्ये, म्हणजे नोंदवलेल्या दस्तांच्या सरकारी सूचीत, ती दिसली की पुढचा गिऱ्हाईक आपोआप पळतो. पण दावा टाकायच्या *आधीच* तिसऱ्याने जमीन घेतली असेल, पूर्ण किंमत देऊन, चौकशी करून, काही माहीत नसताना, तर? दस्त बनावट असेल तर त्याला पण काही मिळत नाही, बिचारा. पण व्हॉइडेबल असेल आणि तुम्ही रद्द करायच्या आत त्याने घेतली असेल तर त्याला हलवणं फार अवघड. ताईने जमीन घेणाऱ्याला पार्टी करायला हवं, आणि त्याने घेताना काय चौकशी केली तेच त्याला विचारायला हवं. वंशावळीत बहीण दिसत असताना तिला एक फोन पण न करता जमीन घेणारा स्वतःला निष्पाप म्हणत असेल तर तो उलटतपास बघायला मजा येते.

या सगळ्यात लोक तलाठ्याकडे आणि रजिस्ट्रारकडे फार चकरा मारतात. दुय्यम निबंधक दस्त नोंदवतो, एकदा नोंदवलेला दस्त फसवणुकीचा आहे म्हणून तो स्वतः रद्द करू शकत नाही, 2016 मध्ये सुप्रीम कोर्टाने ते स्पष्ट केलंय. आणि सातबाऱ्यावर नाव लागलं म्हणून कोणी मालक होत नाही, नाव गेलं म्हणून मालकी जात नाही, ती नोंद सारा वसुलीसाठी असते. फेरफारला हरकत जरूर घ्या, पुढे अपील पण करा, कारण तुम्ही गप्प बसला नाहीत याचा तो पुरावा होतो. पण दस्त खरा की खोटा हे ठरवायचं काम दिवाणी कोर्टाचंच. प्रांताकडे पाच वर्षं अपील लढवून इकडे तीन वर्षांची मुदत घालवलेली माणसं मी बघितलीत.

पोलिसांचं काय? जुनं 420 आता भारतीय न्याय संहितेत 318(4) झालंय, पण बोलताना सगळे अजून चारशेवीसच म्हणतात. बनावट कागदाची कलमं वेगळी, 336 पासून पुढे. तक्रार करता येते आणि दिवाणी दावा चालू असताना पण करता येते, दोन्ही एकमेकांना अडवत नाहीत. फक्त इथे एक गंमत आहे. 2009 मध्ये सुप्रीम कोर्टाने सांगितलं की माझी जमीन दुसऱ्याने स्वतःच्या नावाने, स्वतःची म्हणून विकली तर तो "बनावट दस्त" होत नाही, कारण त्याने सही स्वतःचीच केलीय, दुसरा कोणी असल्याचं भासवलं नाही. फसवला गेलाय तो विकत घेणारा, म्हणून चारशेवीसची तक्रार करायची तर त्याने करायची. मालकाला राग येणं साहजिक आहे, जमीन माझी आणि फसवणूक दुसऱ्याची! पण कायद्याचं तर्कशास्त्र तसं आहे, मालकाचं हत्यार म्हणजे दिवाणी दावा. आणि 2018 च्या निकालात, तोतया बाई उभी करून मुखत्यारपत्र केलं होतं, पण ती तोतया शोधलीच नाही, त्यामुळे ज्याला फायदा झाला त्याच्यावर बनावट दस्त तयार केल्याचा गुन्हा टिकला नाही. तपास नीट झाला नाही की असं होतं.

शेवटी एक प्रकार असा की ज्यात फसवणूक माणसाची होतेच पण कोर्टाची पण होते. ताईला पार्टीच केलं नाही, किंवा तिचा खोटा पत्ता देऊन समन्स "स्वीकारलं नाही" असा शेरा घेतला, किंवा तिच्या नावाने वकालतनामा टाकून तडजोड केली आणि वाटपाचा हुकूम घेतला. यावर चेंगलवराय नायडू केस सगळे वकील सांगतात, 1993 चा निकाल. वाटपाचा हुकूम घेणाऱ्याने आपण आधीच लिहून दिलेलं रिलीज डीड, म्हणजे हक्क सोडल्याचा दस्त, कोर्टापासून दडवलं होतं. हायकोर्ट म्हणालं की खरी केस सांगायची त्याच्यावर काही कायदेशीर सक्ती नव्हती. सुप्रीम कोर्टाने ते उडवून लावलं, महत्त्वाचा कागद दडवून हुकूम घेणं म्हणजे कोर्टाशी आणि समोरच्याशी दोघांशी फसवणूक, असा हुकूम शून्य, आणि तो कुठल्याही कोर्टात, कुठल्याही टप्प्यावर, अपील न करता पण खोटा म्हणून दाखवता येतो. पण तडजोडीचा हुकूम असेल तर वाट वेगळी. ऑर्डर 23 नियम 3अ मुळे तडजोड बेकायदेशीर होती म्हणून नवीन दावा टाकता येत नाही, ज्या कोर्टाने हुकूम दिला त्याच कोर्टात अर्ज करायचा. कित्येक जण दुसऱ्या कोर्टात नवीन दावा टाकून पाच-सहा वर्षं घालवतात आणि मग कळतं की दारच चुकलं.

आणि ताई जिंकली तर? कोर्ट हक्कसोड पत्र रद्द करतं. तिने त्या दस्ताखाली काही पैसे घेतले असतील तर ते परत करायला सांगू शकतं, म्हणून घेतले असतील तर दाव्यातच कबूल करा, लपवलेत तर तुमचीच बाजू फसवणुकीची वाटायला लागते. मग हुकूमाची प्रत कोर्ट स्वतः दुय्यम निबंधकाकडे पाठवतं, कलम 31 मध्येच तसं लिहिलंय, आणि त्याने आपल्या पुस्तकातल्या त्या दस्ताच्या प्रतीवर नोंद करायची की हा दस्त रद्द झाला. सातबाऱ्यासाठी मात्र ताईलाच हुकूमाची सही-शिक्क्याची नक्कल घेऊन तलाठ्याकडे जायचं, अर्ज द्यायचा, आणि नोटीस परत दादाला जाणार.